मायचा बुचडा

मी केस मानेच्या वर कापते. तरुणपणापासून कापत आले आहे. वर्ध्याजवळ पिपरीत मी एकटी राहते त्या गल्लीत नवी शेजारीण आली की महिन्याभरात तिची जीभ वळवळतेच. "सिस्टर, टायफॉइड झाला होता काय?" एकीने तर हळूच "काही नवस वगैरे?" असंही विचारलं, आणि मी का हसले ते तिला कळलं नाही. बहुतेक वेळा मी उन्हाळ्यावर ढकलते. वर्ध्याच्या मे महिन्यापुढे कुणाचा वाद चालत नाही आणि प्रश्न तिथेच मिटतो.

खरं उत्तर द्यायचं तर मायपासून सुरुवात करावी लागेल, आणि फाटकात उभं राहून कुणाला मायची गोष्ट सांगण्याचा माझा स्वभाव नाही.

आमचं गाव समुद्रपूर तालुक्यात. शेतात उभं राहिलं की गिरडची टेकडी दिसायची. घर वस्तीच्या टोकाला, पुढे नुसती कपाशी. घरात आम्ही तिघंच: बा, माय आणि मी. माझ्या आधीची दोन लेकरं जगली नव्हती, आणि त्यात दोष कुणाचा हे बाने परस्पर ठरवून टाकलं होतं. बा अंगाने दणकट. कापसाचं भरलेलं गाठोडं एकट्याने उचलून बंडीत, म्हणजे बैलगाडीत, फेकायचा. गावात तो वाईट माणूस नव्हता. हे सांगताना मला राग येतो, पण खरं आहे. कुणाची बंडी चिखलात रुतली की पहिली हाक त्यालाच जायची, आणि तो ताटावरून उठून जायचा.

मायचे केस कमरेखाली यायचे. न्हाणं झालं की ती ते अंगणात उन्हाला वाळवत बसायची. शेजारणी म्हणायच्या, "कोणतं तेल लावतं वं, आम्हालेही सांग." बुचडा बांधला की माझ्या दोन्ही हातांत मावायचा नाही. बाच्या मात्र एका मुठीत मावायचा.

बाला मारायला काठी शोधावी लागत नसे. तो आधी बुचडा धरायचा. एकदा तो हातात आला की मायचं बाकीचं सगळं अंग त्याचंच होऊन जाई. मान मागे, हात लोंबते, पाय कुठे पडतात याची शुद्ध नाही. बैलाला वेसण असते, तसं. मग दुसऱ्या हाताने काय करायचं ते तो करायचा. कारण काहीही चालायचं. बैलांना पाणी दाखवायला उशीर झाला. भाकरीला चीर पडली. तिने उत्तर दिलं. तिने उत्तर दिलं नाही. मी धान्याच्या ढोलीमागे उभी राहायची, आणि तेव्हा जे वाटायचं त्याला नुसती भीती म्हणून भागत नाही. या जगात आपण एकट्याच आहोत असं वाटायचं. माय समोर असूनही वाटायचं, कारण त्या वेळी ती माझ्याकडे कधी बघत नसे. मी पाहते आहे हे तिला नको असायचं.

शेजाऱ्यांना सगळं ऐकू जायचं. दुसऱ्या दिवशी विहिरीवर बायका मायला आधी पाणी भरू द्यायच्या. एवढीच त्यांची मदत.

मी नववीत होते त्या पावसाळ्यात तिचा खांदा गेला. बाने तिला चुलीपासून अंगणाकडे ओढत नेलं, आणि दारात आल्यावर तिने चौकट धरली. तिनेही काही धरून ठेवावं हे मी पहिल्यांदाच पाहत होते. बाने बुचडा सोडला नाही, तिने चौकट सोडली नाही. मग ओली फांदी मोडावी तसा आवाज आला आणि तिचा हात आपोआप सुटला. तिने आरडाओरडा केला नाही. तोंड उघडं राहिलं होतं, पण त्यातून काही येत नव्हतं.

उजवा हात कोपरापर्यंत सुजला. समुद्रपूरला दवाखाना होता, पण तिथे कसं झालं म्हणून विचारतील, म्हणून तिला नेलं नाही. हळदीचे लेप लावले. सूज उतरली. हात मात्र खांद्याच्या वर जाईना, तो पुढेही कधी गेला नाही.

त्याच पावसाळ्यात आमच्या पांढऱ्या बैलाचं खांद आलं, म्हणजे जू घासून मान सुजली. गावातली म्हातारी माणसं न बोलावता आली. त्यांनी बैलाची मान चाचपली आणि बाला अंगणात उभं करून झापलं. "मुकं जनावर होय. त्याले सांगता येते काय? काऊन जुंपलं रे?" बाने खाली मान घालून ऐकून घेतलं. डवरणीचे, म्हणजे कोळपणीचे दिवस असूनही बैल गोठ्यात बांधून ठेवला. माय त्या सगळ्यांना डाव्या हाताने चहा देत होती, आणि उजव्या हाताला काय झालं हे त्यांतल्या एकानेही विचारलं नाही. बैल मुका म्हणून त्याची चौकशी झाली. मायला तोंड होतं, म्हणून तिची करायची गरज कुणाला वाटली नसावी.

त्या बैलासाठी बा इतका घाबरला की गिरडच्या दर्ग्याला, टेकडीवरच्या बाबाला नवस बोलला. बैल बरा झाला. बाने चादर चढवली, आणि तेव्हापासून टेकडीकडे तोंड करून हात जोडल्याशिवाय तो बंडी जुंपत नसे. पोटातून भ्यायचा तो बाबाला. याला भीती वाटते अशी एक तरी जागा आहे, हे मायने तेव्हाच बघून ठेवलं असणार.

पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी आमच्याकडे बैलांचे खांदे शेकतात. तूप आणि हळद पळसाच्या पानाने खांद्याला चोळायची आणि बैलाला दुसऱ्या दिवशीच्या जेवणाचं आवतन द्यायचं. बा हे फार मायेने करायचा. दुखऱ्या जागेपाशी आला की त्याची बोटं हलकी व्हायची, आणि बैल डोळे मिटून उभा राहायचा. मी बघत होते. या हातांना हेही येतं तर, असं मनात आलं, आणि मला बाचा त्या दिवशी जितका राग आला तितका मारताना पाहूनही कधी आला नव्हता. वाटीत उरलेलं तूप-हळद घेऊन मी आत गेले आणि मायच्या खांद्याला चोळू लागले.

"मी का बैल आहो काय वं?" ती म्हणाली. मग थोड्या वेळाने म्हणाली, "जरा खालतं लाव."

मी तिला आवतन दिलं. "उद्या जेवाले येजो, माय." ती हसली आणि हसता हसता तिने तोंड भिंतीकडे केलं.

तेव्हापासून तिची वेणीफणी माझ्याकडे आली. हात डोक्यापर्यंत जात नाही तर बाईने बुचडा बांधायचा कसा? रोज सकाळी शाळेच्या आधी ती माझ्यापुढे पाठ करून बसायची. विंचरायला मला आवडायचं. बांधायची वेळ आली की हात अडायचे. बाने धरायची मूठ रोज सकाळी मीच करून देत होते, तेल लावून, नीटनेटकी. एकदा मी मुद्दाम सैल बांधला, त्याच्या हातातून सुटावा म्हणून. मायला लगेच कळलं.

"घट्ट बांध," ती म्हणाली. "सुटला का मंग तो झिंज्या धरते. त्यानं जास्त दुखते."

मी घट्ट बांधला. शाळेत मैत्रिणी घरच्या गोष्टी सांगायच्या आणि मी ऐकत बसायची. माझ्याकडे सांगण्यासारखं एवढंच होतं, आणि ते कुणाला सांगायचं?

आणीबाणी उठली त्या सुमारास मी मॅट्रिक झाले. शाळेतल्या बाईंनी वर्ध्याच्या नर्सिंगच्या ट्रेनिंगसाठी माझं नाव दिलं होतं. निवड झाली हे सांगायला त्या स्वतः घरी आल्या. बाने हसून त्यांना चहा पाजला आणि म्हणाला, "आमच्या पोट्टीले लोकायचं हगणंमुतणं काढाले पाठवू काय, बाई?" त्या गेल्यावर हसू पुसून माझ्याकडे वळला. "कोठी जाचं नाई."

माझ्या निम्म्या जिवाला हायसं वाटलं, हे कुणाला खरं वाटणार नाही. मी गेले असते तर मायचे केस कुणी बांधले असते? बाने? शेजारीण एक दिवस आली असती, दोन दिवस आली असती. रोज कोण कुणाच्या दारी येतं? केस मोकळे सोडून माय बाच्या समोरून वावरते आहे हे डोळ्यापुढून हलेना. मी तिला सांगितलं, "मी नाई जात, माय. तुह्ये केस कोन बांधन?"

तिने चुलीतलं लाकूड मागे ओढलं आणि ते राखेत विझवलं. "उद्या गिरडले जाऊ," ती म्हणाली. बाला तिने सांगितलं, बैलाच्या नवसाच्या रेवड्या वाटायच्या राहिल्यात. बा तिला कधी नाही ते लगेच हो म्हणाला.

टेकडीच्या पायथ्याशी लेकरांचं जावळ काढणारे न्हावी बसले होते. हिंदूंची, मुसलमानांची, सगळ्यांची लेकरं तिथे सारखीच रडत होती. माय एका म्हाताऱ्या न्हाव्यापुढे जाऊन बसली आणि तिने डोक्यावरचा पदर खाली घेतला.

"लेकरू कोठी आहे?" त्याने विचारलं.

"लेकरू नाई, भाऊ. माहेच काढा."

त्याने तिच्या कपाळाकडे पाहिलं, गळ्याकडे पाहिलं. "मालक जिता आहे ना, माय?"

"आहे."

"मंग सवाशिणीच्या डोक्याले वस्तरा नाई लावत मी. कायले मले पापात घालतं?"

"नवस होय."

"नवस होय तं एक बट दे. बाबाले तेवढी पुरते."

तो चुकीचं बोलत नव्हता. आमच्याकडे केस जायचे ते नवरा गेलेल्या बाईचे. कुंकू असलेली बाई केस उतरवायला आलेली त्याने जन्मात पाहिली नसणार. तो उठला आणि दुसऱ्या लेकराकडे गेला. मायने पदर घेतला, मला घेऊन पायऱ्या चढली, आणि दर्ग्याच्या बाहेर एका मोठ्या दगडाच्या आडोशाला बसली. तिने पिशवीतून कातर काढली. आमच्या घरची, गोधड्यांसाठी चिंध्या कापायची कातर. न्हावी नाही म्हणणार हे ती धरूनच आली होती.

"काप," ती म्हणाली.

"किती?"

"मुठीत येनार नाई इतके."

तेव्हा मला कळलं, आपण इथे कशासाठी आलो आहोत. कातर बोथट, केस दाट, एकेक पेड चावून चावून तुटत होता. आत कुठे कुठे केस उगवणं बंद झालेल्या जागा होत्या. विंचरताना त्या माझ्या बोटांना रोज लागायच्या, पण उघड्यावर मी त्या तेव्हा पहिल्यांदा पाहिल्या. मी रडत होते, नाक पुसत होते आणि कापत होते. माय ताठ बसली होती. झाल्यावर तिने डावा हात मागे नेला, मानेवरून फिरवला आणि मूठ मिटून पाहिली. मूठ रिकामी आली.

"हं," ती म्हणाली.

केस फडक्यात बांधून आम्ही खाली जावळाच्या ढिगात नेऊन टाकले. पण त्याआधी ती दर्ग्यात गेली आणि बराच वेळ डोकं टेकून राहिली. पायऱ्या उतरताना मी तिला विचारलं, नवस कधी बोलली होतीस?

"कायचा नवस?" ती म्हणाली. "आतमंधी तेच सांगून आली. म्हटलं, बाबा, तुया नावानं खोटं बोलून राह्यली, माफ करजो." दोन पायऱ्या उतरून ती पुन्हा म्हणाली, "त्याले समजते."

घरी आलो तेव्हा बा अंगणात दावं वळत बसला होता. माय त्याच्यापुढे जाऊन उभी राहिली आणि तिने स्वतःच पदर खाली केला. बा उठला. लांब ढांगा टाकत आला आणि त्याचा हात सवयीने तिच्या मानेमागे गेला. बोटं शोधू लागली. वर गेली, खाली आली. तो हात तिथेच अधांतरी राहिला, आणि आता या हाताचं काय करायचं हे माझ्या बाला कळेना.

"नवस होता," माय म्हणाली. "पोट्टीले वर्ध्याले लागू दे, माहे केस देतो म्हटलं होतं बाबाले. लागली ना ते? मंग फेडाचा नाई काय?"

बाने टेकडीकडे पाहिलं.

"आता ते गेली नाई तं नवस उलटते," माय म्हणाली. "मंग गोठ्यात काई झालं तं मले इचारू नोको."

बाने हात धोतराला पुसला आणि तो पुन्हा दावं वळायला बसला. पुढच्या आठवड्यात मी वर्ध्याच्या एस.टी.त बसले.

त्यानंतर बाने मायवर हात उचलला नाही, असं लिहायला मला आवडलं असतं. तो उचलायचा. पण त्याला आता तिला धरता येत नव्हतं, आणि जिला धरता येत नाही ती बाई दाराबाहेर पडू शकते. माय बाहेर पडायची. विहिरीपाशी, शेजारच्या ओसरीवर, जिथे चार माणसं दिसतील तिथे जाऊन उभी राहायची. बाला लोकांसमोर मारायला आवडत नसे. हळूहळू त्याला कंटाळा आला असावा. पश्चात्ताप झाला असं मला तरी दिसलं नाही.

हॉस्टेलमध्ये रविवारी मुली पायऱ्यांवर एकीमागे एक बसून एकमेकींना तेल लावायच्या. मला बोलवायच्या. मी एकदा बसले. मागच्या मुलीने माझे केस एकत्र करून हातात धरले, आणि मी किंचाळून उठले. सगळ्या हसल्या, मीही हसले. मग खोलीत जाऊन मी माझे केस कापले. तेव्हापासून रविवारी मला कुणी बोलावलं नाही, आणि मी खिडकीतून त्यांची रांग बघत बसायची. मला त्या रांगेत बसायचं होतं. अजूनही कधी कधी वाटतं, बसायला हवं होतं.

वर्गात एकदा सांगाड्यावर खांदा शिकवला. निखळलेला सांधा वेळेत बसवला तर हात पुन्हा पूर्ण वर जातो, असं सांगून बाईंनी त्या सांगाड्याचा हात सहज डोक्यावर नेऊन दाखवला. मी पाणी प्यायचं निमित्त करून बाहेर गेले आणि नळ सोडून त्याच्या आवाजात रडले.

मायने बाला सांगून ठेवलं होतं की हा नवस दरसालचा आहे. म्हणून पोळा झाला की आम्ही दोघी गिरडला भेटायचो. ती गावाहून यायची, मी वर्ध्याहून, आणि पुढे नोकरी लागल्यावर हिंगणघाटकडच्या आरोग्य केंद्रातून. त्याच दगडाआड मी तिचे केस कापायची, आता चांगल्या कातरीने. तिने बांधून आणलेली भाकर आणि ठेचा खायचो. फार बोलायचो नाही. "बरी आहे ना, माय?" "बरी आहो." मग ती तिच्या गाडीत बसायची, मी माझ्या. खिडकीतून तिचं ते पोरासारखं कापलेलं डोकं दिसायचं, त्यावर पदर सरकवणारा डावा हात दिसायचा, आणि गाडी वळायची. वर्षभर मी त्या दिवसाची वाट बघायची आणि त्याच दिवशी मला सगळ्यात एकटं वाटायचं.

एका वर्षी पोळ्याच्या थोडं आधी निरोप आला. मायला कावीळ झाली होती, मला कुणी कळवलं नव्हतं. मी पोचले तेव्हा माय अंगणात निजवलेली होती आणि बायका पाणी तापवत होत्या. "अहेव गेली, नशिबाची होय," एकजण म्हणाली, आणि बाकीच्यांनी माना हलवल्या. आम्ही तिला न्हाऊ घातलं. हिरवं लुगडं नेसवलं. चोळी घालताना उजवा हात तेव्हाही वर आला नाही, बाही खालूनच चढवावी लागली.

केस मानेपर्यंत वाढले होते. कापायची वेळ झालीच होती. एका म्हातारीने ते दोन्ही हातांनी मागे ओढून धरले. "बुचडा बांधाले पायजे. सवाशीण होय, अशी कशी पाठवाची?"

"सोड," मी म्हटलं. माझा आवाज मलाच ओळखू आला नाही. तिने सोडले.

मग कुंकवासाठी बाला बोलावलं. आमच्याकडे अहेव बाईला शेवटचं कुंकू नवऱ्याने लावायचं असतं. बा आला, खाली बसला. थकला होता. पाठीला बाक आला होता. त्याने चिमटीत कुंकू घेतलं आणि त्याचा हात मायच्या डोक्याकडे निघाला.

मी काही ठरवलं नव्हतं. माझ्या हाताने त्याचं मनगट पकडलं. सगळ्यांसमोर, गच्च. मला वाटलं होतं तो हिसडा देईल आणि मी अंगणात जाऊन पडेन. त्याने हिसडा दिला नाही. त्याला देता आला नसता. ते मनगट माझ्या मुठीत पूर्ण मावत होतं.

"कुकू लावून राह्यलो वं," तो म्हणाला.

"सोड वं पोरी, नवरा होय तो," मागून कुणीतरी म्हणालं.

"लाव," मी त्याला म्हटलं. "केसाले हात लावू नोको."

त्याने माझ्याकडे पाहिलं. मग मान खाली घातली आणि एका बोटाने, केस चुकवत, मायच्या कपाळावर कुंकू लावलं. ते लावून होईपर्यंत मी त्याचा हात सोडला नाही.